तोरेरोच्या हातातलं लाल फडकं

प्रश्न : लुईस प्रोकुना या मेक्सिकन बैलझुंजाऱ्याच्या आयुष्यावरचा 'तोरेरो' हा चित्रपट गावच्या वाचनालयात पाहिला. रिंगणात दिसतो तो खरा प्रोकुना की नट? आणि लाल रंग बघून बैल चवताळतो का? आमच्या सिंधुदुर्गातल्या झुंजींत तर फडकं लागत नाही.
– एक वाचक, वेंगुर्ले

उत्तर : तो प्रोकुनाच. कार्लोस वेलो यांच्या या चित्रपटात (१९५६) त्याने स्वतःचीच भूमिका केली आहे. रिंगणातली बरीच दृश्यं जुन्या बातमीपटांतली, तर घरातले प्रसंग नंतर चित्रित केलेले. कपाळावरच्या पांढऱ्या बटेमुळे लोक त्याला 'बेरेन्दितो' म्हणत, म्हणजे आपल्याकडचा बांडा.

लाल रंगाचं म्हणाल, तर बैलाला तो वेगळा ओळखूच येत नाही. तो धावतो हलणाऱ्या कापडावर. सुरुवातीला फिरवतात ते मोठं कापड गुलाबी-पिवळं असतं, त्यावरही तो तितक्याच जोराने येतो. मुलेता, म्हणजे काठीवरचं लहान लाल फडकं, बाहेर निघते ती शेवटच्या टप्प्यात. त्याआधी घोडेस्वार भाल्याने मानेवरचा उंचवटा जखमी करतो, मग काटेरी काठ्यांच्या जोड्या रोवतात. मानेचे स्नायू थकून डोकं खाली आलं नाही, तर शिंगांवरून वाकून खांद्यांमध्ये तलवार घालताच येत नाही. आमच्या मते यात शौर्य आहे, पण जनावराचे हाल त्याहून मोठे आहेत.

असा बैल रिंगणात येईपर्यंत पायी माणसाच्या हातातलं कापड त्याला दाखवतच नाहीत. एकदा दिसलं की तो शिकतो आणि पुढच्या वेळी फडकं सोडून माणसावर जातो. त्याच्याखालोखाल धोका वाऱ्याचा. खाऱ्या वाऱ्यावर दांडीवरचं लुगडं उडतं तशी मुलेता उडाली, की मागचा माणूस उघडा पडतो. म्हणून तिची खालची कड पाण्याने भिजवून वाळूत घोळतात, वजनाने ती खाली राहते.

तुमच्याकडच्या झुंजीत जनावर जनावराशी भिडतं आणि एकाने पळ काढला की खेळ संपतो. तरीही करमणुकीसाठी अशी झुंज लावणं १९६० च्या प्राणी क्रूरता प्रतिबंधक कायद्याने गुन्हाच आहे.

चित्रपट पुन्हा पाहाल तेव्हा डावा हात बघा. मुलेता उजवीकडे असते तेव्हा तलवारीच्या टोकाने ती फाकवता येते. डाव्या हाती आली की तलवार उजव्यातच राहते, कापड आखूड पडतं आणि शिंग बरगडीच्या फार जवळून जातं.