तिसऱ्या वर्षी इंजिनिअरिंग सोडावे का?

प्रश्न : मुलगा मेकॅनिकलच्या तिसऱ्या वर्षाला आहे. वोल्फगांग श्टाउड्टे या जर्मन दिग्दर्शकाचा चित्रपट पाहिल्यापासून तो शिक्षण सोडून पटकथालेखन आणि दिग्दर्शन करायचे म्हणतो. यात पोट भरते का? – एक पालक

सप्रेम नमस्कार.

चिरंजीवांनी आदर्श निवडला आहे तो तुमच्याही उपयोगाचा आहे, कारण नटाच्या घरी जन्मलेले श्टाउड्टे (१९०६–१९८४) स्वतः आधी इंजिनिअरिंगच शिकले होते. पुढे ते रंगभूमीकडे वळले. परंतु १९३३ मध्ये नाझी सत्तेवर आल्यावर त्यांना रंगमंचावर काम करण्यास बंदी झाली, तेव्हा डबिंग, रेडिओ, जाहिरातपट आणि किरकोळ भूमिका यांवर त्यांनी दिवस काढले. त्यांतली एक भूमिका १९४० च्या एका कुप्रसिद्ध ज्यूद्वेष्ट्या प्रचारपटातली होती, हेही मुलाला ठाऊक असावे.

युद्ध संपल्यावर त्यांनी स्वतःची पटकथा घेऊन बर्लिनमधील दोस्त राष्ट्रांच्या अधिकाऱ्यांचे उंबरे झिजवले. पाश्चात्त्यांनी नकार दिला. सोव्हिएत अधिकाऱ्यांनी होकार दिला, पण शेवट बदलण्याच्या अटीवर. मूळ पटकथेत नायक युद्धगुन्हेगार कॅप्टनला स्वतः ठार मारतो. चित्रपटात नायिका त्याला अडवते आणि न्याय कोर्टावर सोपवला जातो. अशा रीतीने १९४६ मध्ये ‘खुनी आपल्यातच आहेत’ या अर्थाच्या नावाने युद्धोत्तर जर्मनीचा पहिला कथापट पडद्यावर आला. माझ्या मते बदललेला शेवटच सरस आहे. मात्र लेखकाला तो इतरांच्या सांगण्यावरून लिहावा लागला, आणि पटकथालेखनाचा धंदा तो हाच.

एवढ्याने स्थैर्य आले असेही नाही. पूर्व जर्मनीत केलेला त्यांचा १९५१ चा ‘डेर उंटरटान’ पश्चिम जर्मनीत कित्येक वर्षे दाखवू दिला गेला नाही, आणि पश्चिमेत स्थायिक झाल्यावर उतारवयात ते मुख्यतः दूरचित्रवाणीसाठी काम करत राहिले. तेव्हा पोट भरते. पण अनेकदा ज्या कामासाठी नाव होते त्यावर नव्हे, तर शेजारच्या कामावर.

म्हणून शिक्षण सोडण्यास माझा विरोध आहे, चित्रपटास नाही. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटच्या दिग्दर्शन व पटकथालेखन अभ्यासक्रमासाठी कोणत्याही शाखेची पदवी चालते, म्हणजे हाती असलेली वर्षे वाया जात नाहीत. येत्या सुट्टीत त्याला एक पूर्ण पटकथा लिहू द्या, आणि ती वाचून कुणी शेवट बदलायला सांगितला, तर तो पुन्हा लिहायला बसतो की कागद फेकून देतो, हे पाहून मला कळवा.