‘क्रिप’ला मराठीत काय म्हणावे?

‘क्रिप कॅम्प’ या 2020 सालच्या अमेरिकी माहितीपटाची मराठी उपशीर्षके करताना ‘क्रिप’साठी ‘अपंग’, ‘दिव्यांग’ की ‘पांगळा’ लिहावे, असे एका वाचकाने विचारले आहे.

माझ्या मते वाक्य कोणाच्या तोंडी आहे, यावर शब्द ठरवावा. या माहितीपटाचे एक दिग्दर्शक जेम्स लेब्रेख्ट स्वतः व्हीलचेअर वापरतात, आणि न्यूयॉर्क राज्यातील अपंग मुलांच्या ज्या शिबिरात ते किशोरवयात राहिले, त्याची हकिगत ते प्रथमपुरुषी निवेदनातून सांगतात. ‘क्रिप’ हे मुळात ‘क्रिपल’ (पांगळा) या हिणकस इंग्रजी शब्दाचे आखूड रूप. अपंगांच्या चळवळीने ते हट्टाने स्वतःच्या नावासारखे मिरवले. तो हट्ट ‘पांगळा’मध्ये उतरतो, म्हणून या लोकांनी स्वतःला ‘क्रिप’ म्हटले, तर तेथे मी ‘पांगळा’च ठेवीन, निवेदनाच्या पाटीवर मात्र ‘अपंग व्यक्ती’ पुरे.

‘दिव्यांग’ येथे टाळावा. 2015 च्या अखेरीस पंतप्रधानांनी सुचवलेला हा शब्द महाराष्ट्रात 2022 पासून एका शासकीय विभागाच्या नावात आहे, त्यामुळे शासकीय मजकुरात तो योग्यच. पण शिबिराच्या 1971 मधील चित्रणात बोलणाऱ्या मुलांच्या तोंडी तो घातला, तर त्यांनी स्वतःला दिलेल्या नावाच्या जागी दुसऱ्यांनी बहाल केलेला गौरव येतो. अनेक अपंग कार्यकर्त्यांनी या शब्दाला आक्षेप घेतला तो याच कारणाने.

खरी अडचण नामापेक्षा क्रियापदाची आहे. ‘व्हीलचेअरला खिळलेला’, ‘अपंगत्वाने ग्रस्त’ हे प्रयोग आपल्या लेखणीतून सहज उतरतात. 2024 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने दृश्यमाध्यमांतील अपंगांच्या चित्रणाविषयी निकाल देताना अशा पीडादर्शक भाषेपासून दूर राहण्यास सांगितले. ‘अपंगत्वावर मात केली’ हे तर या माहितीपटाच्या कथानकाशीच विसंगत ठरेल. सरकारी निधी घेणाऱ्या संस्थांना अपंगांशी भेदभाव करण्यास मनाई करणाऱ्या, 1973 च्या अमेरिकी पुनर्वसन कायद्यातील कलम 504 चे नियम तेथील सरकारने रखडवले, म्हणून 1977 मध्ये सॅन फ्रान्सिस्कोतील सरकारी इमारतीत अपंगांनी ठाण मांडले आणि एप्रिलअखेर नियमांवर सही करवून घेतली. तेथे ‘मात’ वापरायचीच असेल, तर ती सरकारी दिरंगाईवर करावी.