नवरा बडतर्फ झाला आणि वारला, तर बायको-मुलांना खरंच काही मिळत नाही का?

ताई, मी कोल्हापुरातच सरकारी कार्यालयात आस्थापना शाखेत नोकरी केली, आता निवृत्त आहे. तुम्ही लिहिलंय ते असं : मिस्टर राज्य शासनाकडे कारकून, २००३ साली लागलेले. किडनीच्या आजारात सीपीआर या इथल्या सरकारी रुग्णालयाच्या फेऱ्या चालू असताना रजा मंजूर न होताच बरेच दिवस गैरहजर राहिले. आधी निलंबन, मग नोकरी गेली. महिन्याच्या आत त्यांनी अपील दिलं, त्याला उत्तर नाही. त्याच वर्षात ते वारले. आणि ऑफिसात तुम्हाला तोंडी सांगितलं, "बडतर्फाच्या घरच्यांना काही नसतं."

हे अर्धंच खरं आहे. आधी आदेश हातात घ्या आणि त्यातला शब्द बघा. 'सेवेतून काढून टाकणे' आणि 'बडतर्फ करणे' या शिस्त व अपील नियमांत दोन वेगळ्या शिक्षा आहेत. ऑफिसात दोन्हीला सरसकट बडतर्फच म्हणतात. दोन्हींत पेन्शन आणि ग्रॅच्युइटी जाते. पण काढून टाकलेल्या कर्मचाऱ्यासाठी १९८२ च्या निवृत्तिवेतन नियमांत नियम १०१ आहे. प्रकरण खास विचार करण्यासारखं असेल, तर शासन अनुकंपा निवृत्तिवेतन देऊ शकतं, रुग्णता निवृत्तिवेतनाच्या, म्हणजे आजारपणामुळे नोकरी सोडावी लागली तर जे मिळतं त्याच्या, दोन-तृतीयांशापर्यंत. हे मागावं लागतं, आपणहून कुणी देत नाही. केंद्राच्या अशाच नियमावर सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये दिल्ली पोलिसांतल्या एकाच्या प्रकरणात सांगितलंय की नुसती शिक्षा बघून अर्ज फेटाळू नका, कसूर कसली होती ते बघा. तोही गैरहजेरीतच नोकरीवरून गेला होता. पैसे खाणं आणि आजारपणात कामावर न येणं एका मापाने मोजायचं नाही.

आता जे तुमचंच आहे ते. जीपीएफ, म्हणजे भविष्य निर्वाह निधी, हा त्यांच्या पगारातून कापलेला पैसा. बडतर्फीने तो जात नाही, व्याजासकट मिळतो. गट विम्यातला बचतीचा भागही तसाच. आणि निलंबनाच्या काळातला निर्वाह भत्ता राहिला असेल तर तीही तुमची थकबाकी : पहिले तीन महिने साधारण अर्धा पगार, पुढे तो पाऊण पगारापर्यंत वाढवता येतो. या भत्त्याला कुणी भीक समजू नये. महाराष्ट्राच्याच एका खटल्यात, फौजदारी कोर्टात शिक्षा झालेल्या कर्मचाऱ्याला अपील चालू असताना महिना एक रुपया भत्ता देणारा नियम सर्वोच्च न्यायालयाने १९८३ साली रद्द केला होता. शिल्लक रजेचे पैसे मात्र बडतर्फीत बुडतात, त्यांची आशा धरू नका.

माझ्या टेबलासमोर आजऱ्याकडची एक बाई आली होती. तिचाही नवरा असाच नोकरीवरून गेलेला. "काही मिळत नाही" हे एका वाक्यात ऐकून ती परत गेली होती, आणि जीपीएफ चार वर्षं तसाच पडून होता. तिने एकदाही लेखी अर्ज दिला नव्हता, कारण द्यायला कुणी सांगितलंच नव्हतं. ते अजून मनाला लागतं. म्हणून सांगतो, तोंडी काही विचारू नका. जीपीएफ, गट विमा, निर्वाह भत्ता यांचे तीन वेगळे अर्ज करा, टपाल शाखेत द्या, आपल्या प्रतीवर शिक्का आणि आवक क्रमांक घ्या. सेवापुस्तक आणि चौकशीची कागदपत्रं माहिती अधिकारात मागा, फी दहा रुपये.

मुख्य लढाई अपिलाची आहे. अपील देऊन सहा महिने उलटले आणि निकाल नाही, तर पुढच्या एक वर्षात महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे मॅटमध्ये जायला हवं. तुमचं काम मुंबईच्या खंडपीठाकडे येईल. वारस म्हणून तुम्हाला दाद मागता येते. गैरहजेरी मुद्दाम होती हे सिद्ध झालं पाहिजे, आजारपणासारखी अडचण असेल तर ती मुद्दाम धरता येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१२ मध्ये म्हटलंय. सीपीआरचे केसपेपर, डिस्चार्ज कार्ड, औषधाच्या चिठ्ठ्या, एकही कागद टाकू नका. आदेश रद्द होऊन ते मरेपर्यंत सेवेत होते असं धरलं गेलं, तर कुटुंब निवृत्तिवेतन आणि ग्रॅच्युइटीचा हक्क उभा राहतो, मुलासाठी अनुकंपा नोकरीचा अर्जही करता येतो. २००३ ची नेमणूक म्हणजे जुनी पेन्शन, ती १ नोव्हेंबर २००५ च्या आधीच्यांना. त्यात कुटुंब निवृत्तिवेतनाचा साधा दर शेवटच्या मूळ पगाराच्या ३० टक्के.

कुणी जिल्हा परिषदेचं हे वाचत असेल तर त्यांना मॅट नाही, उच्च न्यायालयात जावं लागतं. त्याचं सर्किट बेंच ऑगस्ट २०२५ पासून आपल्या कोल्हापुरातच आहे.

वकिलाच्या फीमुळे थांबू नका. १९८७ च्या कायद्याने बाईला उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. कसबा बावड्याला जिल्हा न्यायालयात विधी सेवा प्राधिकरणाकडे जा. सोबत आदेशाची प्रत, अपिलाची पोहोच आणि मृत्यूचा दाखला न्या. अपिलाची तारीख इथे लिहिलीत, तर मॅटची मुदत कधी संपते ते मी मोजून देतो.