वाचकांचे प्रश्न : शिंगं गळतात, तरी हरीण नाही?

प्रश्न : येऊरला पायवाटेलगत सांबराचं गळलेलं शिंग दिसलं. मुलीच्या प्राणिकोशात अमेरिकेतला प्राँगहॉर्नही दरवर्षी शिंगं टाकतो असं लिहिलंय, पण त्याला ‘अँटिलोप’ म्हटलंय. काळवीट तर शिंगं टाकत नाही. मग हा प्राणी सांबराच्या गटातला की काळविटाच्या?
– एक वाचक, वर्तकनगर, ठाणे

उत्तर : दोन्हींतला नाही. अँटिलोकाप्रिडी या कुळातली आज उरलेली ही एकच जात. जवळचे नातलग म्हणाल तर जिराफ आणि ओकापी. जॉर्ज ऑर्ड यांनी १८१५मध्ये तिचं शास्त्रीय वर्णन केलं तेव्हा तिला अँटिलोपमध्ये धरलं होतं. पुढे तिची वेगळी प्रजाती (जीनस, म्हणजे जातींचा गट) झाली, तरी अमेरिकेत बोलताना अजूनही अँटिलोपच म्हणतात. मराठीत ‘प्राँगहॉर्न’च लिहावं, ‘अमेरिकन काळवीट’ म्हटलं की चुकीचं नातं जोडलं जातं.

खरा फरक शिंगात आहे. सांबराचं शिंग म्हणजे भरीव हाड. ते बुडापासून सबंध गळतं आणि बुडाशी खडबडीत कडं दिसतं. काळविटाच्या शिंगात आत हाड, वर केराटिनचं (नखं ज्याची असतात त्या पदार्थाचं) आवरण. दोन्ही जन्मभर टिकतात. प्राँगहॉर्नचीही रचना हाड आणि आवरण अशीच, पण माजाचा हंगाम संपला की साधारण नोव्हेंबरच्या सुमारास नराचं नुसतं आवरण निसटतं. आतलं चपटं हाड कवटीवरच राहतं. त्यावरच्या कातडीतून नवं आवरण आधीच वाढायला लागलेलं असतं, तेच जुन्याला सैल करतं. त्यामुळे गळलेलं शिंग उलटं धरलं तर आत पोकळ दिसतं. आणखी एक गंमत पाहा: नावातला ‘प्राँग’, म्हणजे पुढे निघालेला फाटा, फक्त आवरणाला असतो. आतल्या हाडाला फाटा नसतोच! माद्यांची शिंगं अगदी लहान, बहुतेकदा बिनफाट्याची; काहींना तर नसतातच.

येऊरचं शिंग मात्र जिथे दिसलं तिथेच राहू द्या. आपोआप गळलेलं असलं तरी वन्यजीव संरक्षण कायद्यामुळे ते घरी आणता येत नाही.

प्रश्न : ताशी ऐंशी किलोमीटरहून जास्त वेगाने पळणारा प्राँगहॉर्न साध्या तारेच्या कुंपणाला का अडतो?
– एक वाचक, ऐरोली, नवी मुंबई

उत्तर : मोकळ्या माळावर घडलेला प्राणी आहे तो; उडी मारू शकतो, पण सहसा मारत नाही, तारेखालून सरपटतो. म्हणून अमेरिकेत कुंपणाची सर्वांत खालची तार बिनकाट्याची आणि जमिनीपासून किमान ४० ते ४५ सेंटिमीटर उंच ठेवायला सांगतात. काटेरी तार खाली असली तर पाठीचे केस उपटले जातात, कातडी फाटते. हिवाळ्यात हीच फट बर्फाने बुजते आणि कळपच्या कळप कुंपणाशी अडकून पडतात.