न्यूरोएंडोक्राइन पेशींना मराठीत काय म्हणावं?

आरोग्यविषयक पुस्तिकेचं भाषांतर करणाऱ्या एका वाचकानं विचारलं आहे: ‘न्यूरोएंडोक्राइन सेल्स’ना, म्हणजे शरीरभर विखुरलेल्या आणि संप्रेरकं (हॉर्मोन) स्रवणाऱ्या पेशींना, ‘मज्जाग्रंथी पेशी’ म्हणता येईल का, आणि ‘डिफ्यूज न्यूरोएंडोक्राइन सिस्टिम’साठी ‘पसरलेली मज्जाग्रंथी संस्था’ चालेल का?

माझ्या मते दोन्ही नकोत. ‘मज्जातंतू’ आपण रोज म्हणतो हे खरं, पण नुसता ‘मज्जा’ शब्द दिसला की वाचकाला अस्थिमज्जा आठवते, आणि या पेशींपासून होणाऱ्या गाठीचा (ट्यूमरचा) विषय चालू असेल तर तो थेट रक्ताच्या कर्करोगापर्यंत पोचतो. शाळेच्या पुस्तकांमुळे चेतासंस्था, चेतापेशी हे शब्द रुळले आहेत. मराठी विश्वकोशानं ‘तंत्रिका तंत्र’ वापरलं आहे, तेही शुद्धच. पण मी ‘चेता’ निवडेन.

‘ग्रंथी’ तर सरळ चूक. थायरॉइड किंवा पिट्युटरी ही ग्रंथी, म्हणजे एका जागी जमलेल्या पेशींचा अवयव. आपल्याला हव्या आहेत त्या बहुतेक एकेकट्या पेशी. आतड्याच्या अस्तरात शंभर पेशींमागे जेमतेम एखादी सापडते. तिचं बूड रुंद आणि वरचा भाग निमुळता असतो. वरचं टोक आतड्याच्या पोकळीत पोचतं, तिथे काय आलं आहे हे तिला कळतं. संप्रेरकाचे सूक्ष्म कण मात्र बुडाशी, रक्तवाहिन्यांच्या बाजूला साठवलेले असतात. खबर वरून येते, उत्तर खालून रक्तात जातं. म्हणून ‘एंडोक्राइन’साठी ‘ग्रंथी’ऐवजी ‘अंतःस्रावी’, म्हणजे आत, रक्तात स्रवणारी.

हे उत्तर रक्तातून जातं, याचा पुरावा 1902 मध्ये लंडनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजात विल्यम बेलिस आणि अर्नेस्ट स्टार्लिंग यांनी दिला. भूल दिलेल्या कुत्र्याच्या लहान आतड्याचा एक तुकडा त्यांनी जागच्या जागी ठेवला, पण त्याच्या चेता तोडल्या आणि त्यात आम्ल सोडलं. तरीही स्वादुपिंडातून रस वाहू लागला. मग आतड्याचं अस्तर खरवडून, आम्ल आणि वाळू घालून खललं, गाळलं आणि शिरेत टोचलं. पुन्हा रस वाहिला. त्या अर्कातल्या द्रव्याला त्यांनी ‘सिक्रेटिन’ नाव दिलं. ते याच विखुरलेल्या पेशींपैकी एका प्रकारच्या पेशींत तयार होतं. 1905 मध्ये स्टार्लिंगनं अशा द्रव्यांसाठी ‘हॉर्मोन’ शब्द वापरला. ग्रीक क्रियापदाचा अर्थ चालना देणं, उद्युक्त करणं. आपला ‘संप्रेरक’ त्याच अर्थाचा, आणि मला तो फार नेमका वाटतो. फक्त तो ‘उत्प्रेरक’ होऊ देऊ नका, तो कॅटॅलिस्ट.

म्हणजे ज्या पहिल्या संप्रेरकानं चेतांशिवाय काम चालतं हे दाखवलं, ते बनवणाऱ्या पेशींच्याच नावात ‘चेता’! कारण त्यांची घडण. चेतापेशींसारखेच त्या रासायनिक द्रव्यांचे कण साठवतात आणि इशारा मिळाला की सोडतात. काही द्रव्यंही तीच: सेरोटोनिन, सोमॅटोस्टॅटिन. शरीरातलं बहुतेक सेरोटोनिन तर आतड्यात असतं. मेंदूचा मात्र इथे संबंध असायलाच हवा असं नाही. मार्च 2018 मध्ये अभिनेते इरफान खान यांनी आपल्याला न्यूरोएंडोक्राइन ट्यूमर असल्याचं जाहीर केलं, तेव्हा ‘न्यूरो’ म्हणजे दर वेळी मेंदूच नव्हे, हे त्यांना स्वतःलाच स्पष्ट करावं लागलं होतं.

आता ‘डिफ्यूज’. ऑस्ट्रियन विकृतिशास्त्रज्ञ फ्रीडरिख फायर्टर यांनी 1938 मध्ये या पेशींची मिळून एक विखुरलेली व्यवस्था आहे, अशी मांडणी केली. पुढे ब्रिटनमधल्या ए. जी. ई. पिअर्स यांनी रासायनिक गुणधर्मांवरून त्यांना ‘अपुड’ (त्या गुणधर्मांच्या इंग्रजी नावाची आद्याक्षरं) पेशी म्हटलं. या सगळ्यांचा उगम भ्रूणातल्या चेतासंस्थेच्या उतींत आहे, हे त्यांचं मत आतड्यातल्या पेशींबाबत टिकलं नाही. आतडं, श्वासनलिका, स्वादुपिंड, थायरॉइड, प्रोस्टेट अशा कितीतरी ठिकाणी या पेशी असतात, आणि असायलाच हव्यात. ‘पसरलेली’ हा शब्द मराठी घरात कर्करोगासाठीच वापरला जातो: “पसरलाय का?” हा पहिला प्रश्न असतो. निरोगी माणसातल्या व्यवस्थेला तो लावला तर पुस्तिका वाचणारा रुग्ण हादरेल. ‘विखुरलेली’ म्हणा.

राहिला संधी. व्याकरणाप्रमाणे ‘चेतांतःस्रावी’ होतं, पण वाचताना आधी ‘अंत’च दिसतो. जोडरेघ ठेवा. पुस्तिकेत पहिल्या उल्लेखाला असं लिहाल: “चेता-अंतःस्रावी, म्हणजेच न्यूरोएंडोक्राइन, पेशी: शरीरभर विखुरलेल्या, संप्रेरकं स्रवणाऱ्या पेशी.” पुढे नुसतं ‘चेता-अंतःस्रावी’ पुरेल, पण गाठीचं नाव येईल तिथे ‘न्यूरोएंडोक्राइन ट्यूमर’ पुन्हा द्या, कारण रुग्णाच्या हातातल्या रिपोर्टवर तेच शब्द छापलेले असतात.