करारबद्ध नोकर वसाहतीच्या विधानसभेत कसा बसू शकला?

उत्तर अमेरिकेतल्या मेरीलँड या इंग्रज वसाहतीतला मथायस डी सूसा हे याचं ठळक उदाहरण. आफ्रिकी-पोर्तुगीज वंशाचा हा माणूस १६३४ मध्ये ‘आर्क’ जहाजातून आला, तो जेझुइट या कॅथलिक संघाच्या पाद्र्यांचा नोकर म्हणून. प्रवासखर्चाच्या बदल्यात काही वर्षं राबायचं, असा करार होता. तो संपला की माणूस ‘फ्रीमन’, म्हणजे स्वतंत्र माणूस. त्या काळी तिथल्या काही सभांसाठी निवडून यावंच लागत नसे. फ्रीमनने सभेत स्वतः बसावं किंवा दुसऱ्याला मुखत्यारपत्र द्यावं. डी सूसा मार्च १६४२ च्या सभेत स्वतः बसला. त्याआधी १६४१ मध्ये तो छोटं गलबत घेऊन सस्क्वेहानॉक या मूळ अमेरिकी जमातीच्या लोकांशी व्यापाराला गेला होता. मात्र स्वातंत्र्य टिकवणं अवघड होतं: कर्ज थकलं की पुन्हा चाकरी, आणि त्याच्या वाट्याला नेमकं तेच आलं. १६४२ नंतर नोंदींत तो सापडत नाही.