नोंगक्रोंग म्हणजे आपला कट्टाच गं!

प्रश्न: ताई, ऑनलाइन गेम खेळताना माझी जकार्ताच्या एका मुलीशी ओळख झाली, आता रोज बोलतो आम्ही. ती सारखी म्हणते नोंगक्रोंगला चाललेय, मग मध्येच मागर, परवा तर स्वतःच्या मैत्रिणीला बुचिन म्हणाली. मला काही झेपत नाही आणि विचारायला लाज वाटते. डिसेंबरमध्ये आईबाबांसोबत तिकडे जाणार आहोत, तिथली पोरं नक्की करतात तरी काय?
– वय १९, नाशिक

उत्तर: अगं लाजतेस काय, अर्धे शब्द तर आपल्याच घरचे आहेत! बुचिन म्हणजे ‘बुदाक चिंता’, आणि ही चिंता संस्कृतातलीच, फक्त तिकडे पोचेपर्यंत तिचं प्रेम झालंय (तसा फार फरक नाही म्हणा). तर बुचिन म्हणजे प्रेमात पार गुलाम झालेली व्यक्ती. मागर म्हणजे ‘मालास गराक’, हलायचा कंटाळा. दोन शब्द कापून एक करायची त्या पोरांना भारी खोड आहे.

नोंगक्रोंगचा मूळ अर्थ उकिडवं बसणं, पण आता कट्ट्यावर टाइमपास. एखाद्या वारकोपमध्ये, म्हणजे कॉफीच्या टपरीवर, अंडं घातलेली इंडोमी नूडल्स घ्यायची नाहीतर कोपी सुसू गुला आरेन, म्हणजे ताडाच्या जातीच्या झाडाचा गूळ घातलेली दुधाची गार कॉफी, आणि तासन्‌तास बसायचं. ही गुळाची कॉफी गेल्या दहाएक वर्षांत इतकी चालली की २०१७ला सुरू झालेली कोपी कनांगान ही कॉफी-दुकानांची साखळी २०२१ला युनिकॉर्न, म्हणजे अब्ज डॉलरची कंपनी, झाली!

कट्ट्याचा खरा किस्सा मात्र २०२२च्या जुलैचा. चितायाम, बोजोंगगडे, देपोक या लांबच्या उपनगरांतली साध्या घरची पोरं लोकलने, पहिल्या २५ किलोमीटरला ३००० रुपिया म्हणजे वडापावच्या भावात, सुदिरमान या जकार्ताच्या ऑफिसांच्या भागातल्या चकाचक टॉवरांमध्ये यायची आणि तिथल्याच दुकुह आतासच्या झेब्रा क्रॉसिंगवर रॅम्पवॉक करायची. म्हणजे समज टिटवाळा-बदलापूरच्या पोरांनी नरिमन पॉइंटला येऊन सिग्नलवर फॅशन शो लावला तर! लोक त्याला चितायाम फॅशन वीक म्हणायला लागले, मग मॉडेल आले, जकार्ताचे गव्हर्नरही रॅम्पवॉक करून गेले, आणि एका अभिनेत्याच्या कंपनीने तर ते नावच ट्रेडमार्कसाठी टाकलं. इतकी बोंबाबोंब झाली की अर्ज मागे घ्यावा लागला. शेवटी ट्रॅफिकचं कारण सांगून पोलिसांनी पोरांना हटवलं. मला विचारशील तर मोठी माणसं आली तेव्हाच मजा संपली होती.

कपड्यांचं म्हणशील तर सेकंडहँडची भयंकर क्रेझ, पासार सनेन बाजार त्यासाठीच प्रसिद्ध. खरं तर जुने कपडे बाहेरून आणायला तिथे बंदी आहे, २०२३ला तेव्हाचे राष्ट्राध्यक्ष जोकोवी त्यावर चिडलेही होते, पण पोरं ऐकतायत होय. दुसरीकडे काही जण बाटिकचं कापड लुंगीसारखं गुंडाळून खाली स्नीकर्स घालतात, ते मला जाम आवडतं.

तुम्ही रविवारी तिथे असलात तर सकाळी सहाला सुदिरमान-थामरिन रस्त्यावर जा, दहापर्यंत गाड्या बंद असतात आणि अख्खं शहर सायकली, रनिंग शूज आणि फोन घेऊन बाहेर असतं. मैत्रिणीलाही तिथेच बोलव. ती मागर म्हणाली तर आता कळेलच तुला.